हातावरचे घट्टे

आधी हात पाहा.

तळव्याच्या वरच्या कडेला, बोटं जिथून फुटतात तिथं, चार घट्टे आहेत. पिवळट, टणक, कडेनं सोललेले. करंगळीखालचा परवा फुटला, म्हणून रात्री तुम्ही त्यावर तुरटीचं पाणी लावलंत आणि दात आवळून बसलात. आता तो भाग चामड्यासारखा ताठ झाला आहे. मूठ पूर्ण मिटत नाही, पण उजव्या हाताच्या मधल्या बोटावर शाईचा डाग आहे, तो मात्र कुठल्याही साबणानं जात नाही.

हे हात तुमचे आहेत. तुम्ही चोवीस वर्षांचे आहात, लंडनच्या सिटी भागातल्या एका विमा कचेरीत कारकून. आज शनिवार, २५ जुलै १९०८. दुपारी कचेरी सुटली आणि उद्याचा रविवारही तुमचाच आहे. दिवसभर टाक धरून घट्टे पडत नाहीत. हे वल्ह्यानं पडले आहेत. कचेरीत मोठे साहेब हस्तांदोलन करतात तेव्हा त्यांना ते जाणवतात आणि ते विचारतात, "कसं चाललंय नदीवर?" तुमची मान ताठ होते.

हेच घट्टे हातोड्यानं किंवा फावड्यानं पडले असते, तर तुम्हाला तुमच्या क्लबच्या होडीत बसून शर्यतीला उतरताच आलं नसतं. हा नियम लिहून ठेवलेला आहे. टेम्सकाठच्या हेन्लीच्या शर्यतमंडळानं १८७९ साली हौशी वल्हेकऱ्याची व्याख्या केली. पुढं १८८२ साली अ‍ॅमेच्युअर रोइंग असोसिएशन निघाली आणि तिनं तोच धागा पुढं नेला. पैशासाठी शर्यत मारलेला माणूस हौशी नाही, हे समजण्यासारखं आहे. ज्यानं होड्यांच्या आसपास मजुरीनं काम केलं तोही हौशी नाही. आणि पुढची ओळ अशी, की जो पोटासाठी मिस्त्री, कारागीर किंवा मजूर आहे, किंवा पूर्वी कधी होता, तोही नाही. मग त्यानं आयुष्यात वल्ह्यावर एक पेनीही कमावलेली नसेना का.

मराठीत आपण हौशी म्हणतो तेव्हा फक्त हौस बघतो. हौशी नट पोटासाठी काय करतो हे आपण विचारत नाही. गिरणगावात दिवसभर साच्यावर उभा राहिलेला माणूस रात्री नाटकात राजा होई आणि त्याच्या राजेपणावर कुणी हरकत घेत नसे. १९०८ च्या टेम्स नदीवर मात्र हौस ही मोकळ्या हातांची मालमत्ता आहे.

पण आत्ता तुम्ही चोवीस वर्षांचे आहात, ऊन पडलं आहे, आणि यातलं काहीच तुमच्या डोक्यात नाही.

डिस्ट्रिक्ट रेल्वेचा डबा भरलेला आहे. तीन वर्षांपूर्वी, १९०५ मध्ये, ही गाडी विजेवर आली. त्याआधी बोगद्यातून बाहेर पडेपर्यंत कॉलरवर काजळी बसायची. डब्यात एकच विषय आहे, डोरांडो. काल ऑलिंपिकच्या मॅरेथॉनमध्ये तो इटालियन मिठाईवाला पहिला स्टेडियममध्ये आला, उलट्या दिशेला वळला, पडला, उठला, पुन्हा पडला. शेवटी पंचांनीच त्याला धरून रेषेपलीकडे नेलं, आणि त्यापायीच तो बाद झाला. समोरचे गृहस्थ अंगठ्यानं वर्तमानपत्रातली बातमी दाबून धरून सांगताहेत, की असा माणूस जन्मात पाहिला नाही.

त्याच वर्तमानपत्रात मुंबईची तार आहे. टिळकांना बुधवारी रात्री सहा वर्षांची काळ्या पाण्याची शिक्षा झाली. गुरुवारपासून गिरण्या बंद आहेत, वर्षाला एक दिवस या हिशेबानं सहा दिवस. परळ-लालबागच्या रस्त्यांवर फौज आहे, गोळ्या चालल्या आहेत, माणसं मेली आहेत. गिरणीतले मिस्त्री, कारागीर, मजूर. या देहातला इंग्रज कारकून त्या ओळींवरून नजर सरकवून पुन्हा डोरांडोकडे जातो. तुम्हाला ते जमत नाही. गाडी पटनी ब्रिजला थांबते आणि तुम्ही उतरता.

पुलावरून नदी दिसते तेव्हा छातीत काहीतरी सैल होतं. आठवडाभर कोळशाचा धूर, ओल्या लोकरीचा वास, खातेवह्यांची धूळ, आणि मग हे रुंद, तपकिरी, चालतं पाणी. इथं टेम्स समुद्राच्या भरती-ओहोटीवर जगते. उधाणाच्या दिवसांत लंडनमधलं पाणी दोन मजली घराएवढं वर-खाली होतं. कोकणातल्या खाडीकाठच्या माणसाला हे सांगावं लागणार नाही. पाण्याचा वास, ओल्या चिखलाचा वास, काठावर उलट्या पडलेल्या नावा, सगळं ओळखीचं वाटेल. सर्रेच्या बाजूला उतारावर ओळीनं बोटहाउसं आहेत. लंडन रोइंग क्लब १८५६ चा, टेम्स १८६० चा, व्हेस्टा १८७० चा, आणि शेजारी इतर. प्रत्येकाचा झेंडा वेगळा, ब्लेझरचा रंग वेगळा.

बोटहाउसमध्ये पाऊल टाकलं की अंधार आणि गारवा. डोळे सरावले की दिसतात फळ्यांवर मांडलेल्या होड्या. आठ जणांची होडी साठ फुटांहून लांब आणि रुंदीला जेमतेम दोन फूट. सीडरच्या लाकडाची साल अष्टमांश इंच जाड, चुकून टाच पडली तर आरपार जाईल. वार्निश, जवसाचं तेल आणि चरबी यांचा मिळून एक वास आहे. तो एकदा नाकात बसला की आयुष्यभर जात नाही म्हणतात, आणि मला ते खरं वाटतं.

इथं एक माणूस उभा आहे. वय तुमच्याहून थोडं जास्त. अंगात निळी जर्सी, हातात चरबीचा डबा. क्लबच्या होड्या सांभाळणारा नावाडी. तुम्ही त्याला नुसत्या आडनावानं हाक मारता, तो तुम्हाला सर म्हणतो. इंग्रजीत या दोघांनाही एकच सर्वनाम पुरतं. मला मराठीत निवडावं लागतं, आणि मी यापुढं त्यांना 'ते'च म्हणणार आहे.

त्यांचे वडील नावाडी, आजोबा नावाडी. चौदा-पंधराव्या वर्षी ते उमेदवारीला लागले, नदीचे सगळे वळसे, पुलांच्या कमानींखालची ओढ, धुक्यात आवाजावरून काठ ओळखणं, हे सगळं अंगात मुरवलं आणि परवाना मिळवला. उमेदवारी संपलेल्या तरुण नावाड्यांसाठी दर उन्हाळ्यात एक शर्यत असते. थॉमस डॉगेट नावाच्या आयरिश नटानं १७१५ साली ती सुरू केली, पहिला जॉर्ज गादीवर आल्याच्या आनंदात. लंडन ब्रिज ते चेल्सी, साडेचार मैलांहून थोडी जास्त. जिंकणाऱ्याला लाल कोट आणि दंडावर मिरवायला तळहाताहून मोठा चांदीचा बिल्ला. १९०३ साली तो अर्नेस्ट बॅरीनं जिंकला, आणि यंदाच बॅरी इंग्लंडचा व्यावसायिक विजेता होईल. आणखी चार वर्षांनी, १९१२ मध्ये, याच पाण्यावर तो न्यूझीलंडच्या अर्न्स्टला हरवून जगज्जेता होईल. हे तुम्हाला माहीत आहे, बोटहाउसमध्ये अजून कुणालाच नाही.

तुमच्या हातातलं वल्हं घेऊन ते त्याच्या गळ्याचं चामडं तपासतात, अंगठ्यानं चरबी लावतात. मग तुमच्याकडे न बघताच म्हणतात, "मनगट लवकर मोडता तुम्ही, सर. पाण्यातून पातं बाहेर आल्यावर फिरवा, आधी नाही." क्लबच्या कप्तानानं दोन महिने ओरडून जे समजलं नव्हतं, ते या एका वाक्यात समजतं.

त्यांच्यात आणि तुमच्यात एका माणसाच्या होडीतून शर्यत लागली, तर ते तुम्हाला पहिल्या वळणावरच मागं टाकतील. ती लागणार नाही. तुम्ही त्यांच्याशी शर्यत मारलीत तर उद्यापासून तुमचंही हौशीपण धोक्यात येईल. ते दाराशी उभे राहतात. तुमचा पाय घसरू नये म्हणून होडीची कड धरतात.

"हात होडीला!" कॉक्स ओरडतो. सुकाणू धरणारा हा पोरगेला, किरकोळ मुलगा तुम्हा आठ दांडग्यांचा मालक आहे. आठ जण एकदम वाकतात, उचलतात, डोक्यावरून फिरवून पाण्यात ठेवतात. एक पाय मधल्या फळीवर, दुसरा आत, आणि हळूच खाली. खालची बैठक पितळी चाकांवर मागं-पुढं सरकते. पाय चामडी पट्ट्यात अडकवले. तुमची जागा पाचवी, मधल्या दणकट माणसांतली. तुम्हाला फक्त समोरच्याची पाठ दिसते आणि त्याच्या मानेवरचा उन्हानं सोललेला पट्टा.

वल्हेकरी पाठमोरा पुढं जातो. जिथं जायचंय ते त्याला दिसत नाही, जे मागं पडलं तेच दिसतं. पहिल्या आठवड्यात याचीच सगळ्यात भीती वाटते. नंतर मान आपोआप स्थिर होते, कॉक्सवर विश्वास बसतो, आणि पुढचं बघण्याची खाजच मरते.

भरती ओसरायला लागली आहे. वर जाताना मधला प्रवाह अंगावर येईल, म्हणून कॉक्स काठ धरून होडी नेतो. सुरुवातीचे फटके सावकाश. पातं पाण्यात बसतं, पाय ढकलतात, पाठ सरळ राहून मागं झुलते, मुठी छातीशी येतात, खाली दबतात, पातं सुटतं, आडवं होतं. मग परतीचा प्रवास, आणि तो घाईनं करायचा नाही. नवखा माणूस ओढण्यात जोर घालतो. जाणता माणूस परतताना दम धरतो. आठही जणांनी दम धरला, की होडीच्या तळाखालून बुडबुड्यांचा एक आवाज येतो, उकळायला आलेल्या पाण्यासारखा. तो ऐकण्यासाठी माणसं हिवाळ्याच्या पहाटे बर्फासारख्या वल्ह्याला हात लावतात.

पलीकडच्या काठाला फुलहॅम क्लबचं क्रेव्हन कॉटेज मैदान, तीन वर्षांपूर्वीच्या विटकरी स्टँडसह. मग मैलाचा दगड. काठावरच्या वाटेनं सायकलवरून कोच चालला आहे, एका हातात हँडल, दुसऱ्यात कर्णा. तो पाचव्याचं नाव घेऊन ओरडतो, म्हणजे तुमचं. पाठ वाकते आहे. ताठ पाठ हा इथला धर्म आहे. ईटन, ऑक्सफर्ड, केंब्रिज, सगळीकडे हीच शिकवण, कंबरेतून लांब झोका आणि पाठ तलवारीसारखी. पण गेल्या दोन वर्षांत या धर्माला तडा गेला आहे. बेल्जियममधल्या गेंट शहराचा क्लब हेन्लीला आला, अंगाचा झोका आखूड, पायांचा रेटा लांब, आणि १९०६ व १९०७ अशी दोन्ही वर्षं आठांच्या शर्यतीचा ग्रँड चॅलेंज कप घेऊन गेला. पटनीच्या बारमध्ये अजून त्यावर आवाज चढतात.

हॅमरस्मिथचा हिरवा झुलता पूल डोक्यावरून मागं सरकतो, क्षणभर गार सावली. मग चिझिकचं बेट, त्यावर टोपल्यांसाठी लावलेली वाळुंजाची झाडी. इथं कॉक्स वेग मागतो. मिनिटाला अठ्ठावीस फटके, तीस, चौतीस. आता विचार संपतात. घशात गंजल्यासारखी चव, मांड्या पेटलेल्या, तळहातावरचा फुटका घट्टा वल्ह्याच्या मुठीला चिकटतो आणि सुटतो. मागच्या कुणाचं तरी पातं पाण्यात तिरकं अडकतं, इथं त्याला खेकडा धरला म्हणतात. होडी कलंडते, तुमच्या कोपराला काठ लागतो, शिव्या, पाणी, मग परत लय. बार्न्सचा रेल्वे पूल. आणि एकदम माल्टचा गोडसर, उबदार वास, म्हणजे मॉर्टलेकची ब्रुअरी आली. पटनीपासून सव्वाचार मैल. ऑक्सफर्ड-केंब्रिजची शर्यत इथंच संपते.

वल्ही आडवी टाकून सगळे पुढं कलंडतात. कुणी बोलत नाही. आठ माणसांच्या अंगातून वाफ निघते आहे आणि होडी आपोआप ओहोटीबरोबर खाली सरकायला लागली आहे. यापेक्षा सुखाची जागा मला ठाऊक नाही. म्हणूनच त्या नियमाचा मला राग येतो. हे सुख इतकं साधं आहे, नदीच्या पाण्याइतकं सगळ्यांचं, आणि त्याला कुणीतरी दरवाजा बसवला.

संध्याकाळी क्लबात ताटात मांस, मांस आणि पुन्हा मांस. जुन्या रिवाजाप्रमाणे सराव करणाऱ्यानं बीफस्टेक, मटण, शिळा पाव खायचा, भाज्या बेतानं, गोडधोड बंद, तंबाखू बंद. पाणीसुद्धा मोजून, एखादा ग्लास बिअर चालेल. तहानेनं जीभ टाळ्याला चिकटते तेव्हा शिस्त पाळल्याचं समाधान मानायचं. पुढच्या पिढीला हा नियम मूर्खपणाचा वाटेल, आणि तो होताच.

रविवारी सकाळी तुम्ही एकटेच काठाकाठानं हॅमरस्मिथपर्यंत चालत जाता, आणि तिथं थांबावं असं काहीतरी दिसतं. मुलींनी भरलेली एक होडी. दुकानात, चहाच्या हॉटेलात आठवडाभर उभ्या राहणाऱ्या मुली, बाह्या कोपरापर्यंत दुमडलेल्या, खळखळून हसताहेत. या क्लबाचे संस्थापक फ्रेडरिक फर्निव्हल, वय ८३, पांढरी दाढी छातीवर. ऑक्सफर्डच्या मोठ्या इंग्रजी शब्दकोशाच्या पहिल्या संपादकांपैकी हे एक. चॉसरच्या हस्तलिखितांत आयुष्य घालवलेला हा पंडित म्हातारपणीही रविवारी याच पाण्यावर वल्ही मारत आला आहे. १८९६ साली त्यांनी मुलींसाठी इथं हा वल्हेकरी क्लब काढला.

फर्निव्हल कामकऱ्यांच्या कॉलेजात शिकवत. कामगारांना नदीवरून हाकलणारी ती ओळ त्यांना सहन झाली नाही. १८९० साली त्यांच्या पुढाकारानं दुसरी संघटना उभी राहिली, नॅशनल अ‍ॅमेच्युअर रोइंग असोसिएशन. तिच्यात सुतार, लोहार, छापखान्यातला जुळारी, सगळे हौशी. म्हणजे १९०८ च्या टेम्सवर दोन प्रकारचे हौशी आहेत आणि ते एकमेकांशी शर्यत मारू शकत नाहीत. ज्या माणसानं हजारो शब्दांचे अर्थ गोळा केले, त्याला एका शब्दाचा अर्थ बदलण्यासाठी अख्खी संघटना काढावी लागली, आणि तरी तो बदलला नाही. फर्निव्हल १९१० मध्ये जातील. होडीतल्या मुलींकडे आत्ता पाहून घ्या. त्या फार नेटानं वल्हवत नाहीत, पण त्यांच्या तोंडावर जो आनंद आहे, तो हेन्लीच्या कपावर कोरता येणार नाही.

शुक्रवार, ३१ जुलै. वार्षिक रजेतला एक दिवस खर्चून तुम्ही पॅडिंग्टनहून गाडी धरली आहे. हेन्लीला भरती-ओहोटी नाही. इथली टेम्स काचेसारखी, दोन्ही काठांना कुरणं आणि विलोची झाडं. पाण्यात लाकडी ओंडक्यांची कुंपणं घालून सरळ पट्टा आखला आहे. ऑलिंपिकसाठी तो नेहमीपेक्षा वाढवून दीड मैलाचा केला आहे. व्यवस्था त्याच अ‍ॅमेच्युअर असोसिएशनकडे. एका वेळी दोनच होड्या, एक बर्कशायरच्या काठानं, एक बकिंगहॅमशायरच्या. तिसऱ्या क्रमांकाची सोय नाही, जिंकायचं किंवा हरायचं.

आज एकट्याच्या होडीची अंतिम शर्यत. एका बाजूला अलेक्झांडर मॅक्युलॉक, लिअँडर क्लब, वय २०. दुसरीकडे तुमच्या पटनीचा, व्हेस्टा क्लबचा हॅरी ब्लॅकस्टाफ. मंगळवारी, स्पर्धा सुरू झाली त्याच दिवशी, त्याला ४० वर्षं पूर्ण झाली. म्हणजे समोरच्याच्या दुप्पट वय. धंदा खाटकाचा. नियमात मिस्त्री आहे, कारागीर आहे, मजूर आहे, खाटीक हा शब्द नाही. त्या फटीतून हा माणूस आत आला की त्याच्या वल्ह्यापुढं लोकांनी फट रुंद केली, हे ज्याचं त्यानं ठरवावं. टेम्सचं हौशी अजिंक्यपद त्यानं १८९७ सालीच घेतलं होतं. हेन्लीचा एकट्याच्या होडीचा मान, डायमंड, मात्र त्याला लवकर मिळाला नाही. १९०५ मध्ये तो अंतिम शर्यतीत हरला, आणि पुढच्याच वर्षी जिंकला.

तुम्ही काठावर गवतात बसला आहात. आधी काही दिसत नाही, मग वळणापलीकडून दोन काड्या, मग त्यांना पंख फुटतात. तीस-पस्तीस पौंडांची होडी, तिच्यात एक माणूस, दोन वल्ही. कधी हा नाक पुढं काढतो, कधी तो. जवळ आल्यावर आवाज येतो, पात्याचा नाही, श्वासाचा. मॅक्युलॉकच्या अंगात अधिक ताकद आहे, पोरगा उसळतो आहे. ब्लॅकस्टाफ उसळत नाही. प्रत्येक फटका मागच्यासारखाच. परतताना दम धरणारा माणूस. शेवटच्या टप्प्यात तरुणाची लय एकदा चुकते, मग पुन्हा, आणि खाटीक सव्वा होडी पुढं निघतो. ९ मिनिटं २६ सेकंद. तुमच्या तोंडून आवाज निघतो तो तुम्हाला स्वतःला ओळखू येत नाही.

आठांची अंतिम शर्यतही आजच. लिअँडर विरुद्ध गेंट. इंग्लंडनं जुने धुरंधर गोळा केले आहेत. चौथ्या जागी गाय निकल्स, वय ४१. बेल्जियनांनी दोन वर्षं दिलेला सल आज निघतो, दोन होड्यांच्या अंतरानं. काठ वेडा होतो, टोप्या हवेत जातात.

जिंकलेल्या होडीत दुसऱ्या जागेवर बसलेल्या माणसाकडे पाहा. फ्रेडरिक सेप्टिमस केली, सिडनीत जन्मलेला. १९०५ साली ब्लॅकस्टाफला हरवून यानंच डायमंड जिंकला होता, ८ मिनिटं १० सेकंदांत, आणि तो विक्रम १९३८ पर्यंत कुणी मोडणार नाही. पण हा मुळात पियानोवादक. फ्रँकफर्टला शिकलेला. आजनंतर तो वल्हं बाजूला ठेवेल, कारण त्याला संगीतच करायचं आहे. तेच हात, तेच घट्टे, आणि उद्यापासून त्यांच्याखाली पांढऱ्या-काळ्या पट्ट्या.

काठावर बसून तुम्हाला जे ठाऊक आहे ते इथं कुणालाच नाही. होडीच्या टोकाशी सुकाणू धरून हात उंचावणारा मॅक्लॅगन १९१५ मध्ये ईप्रला मरेल. केली गॅलिपोलीतून वाचेल, कवी रुपर्ट ब्रूकला स्कायरॉस बेटावर पुरायला हजर राहील, त्याच्यासाठी तंतुवाद्यांची शोकरचना लिहील, आणि १३ नोव्हेंबर १९१६ ला सोमच्या रणांगणावर बोकूर गावाजवळ पडेल. त्यांच्याच होडीतला सँडरसन १९१८ मध्ये जाईल. चार वर्षं हेन्लीला शर्यतच होणार नाही. उठून त्यांना ओरडून सांगावं असं वाटतं. सांगता येत नाही. तुम्ही टाळ्या वाजवता, घट्टे दुखेपर्यंत.

परतीच्या गाडीत अंधार पडतो. समोर बसलेल्यानं टाकून दिलेल्या वर्तमानपत्रात मुंबई शोधता. मंगळवारी सहा दिवस पूर्ण झाले आणि मग गिरण्या पुन्हा सुरू झाल्या. म्हणजे इथं ज्या दिवशी पहिली शर्यत सुटली, त्याच दिवशी तिथं हरताळाचा शेवटचा दिवस होता. कामकऱ्यांनी आपला हात आखडता घेऊन एका माणसासाठी काय करता येतं ते दाखवलं. इथं त्याच प्रकारच्या हातांना नदीत उतरायला बंदी. एकाच साम्राज्याच्या एकाच आठवड्यातल्या या दोन गोष्टी मी आता वेगळ्या ठेवू शकत नाही.

त्या ओळीचं पुढं काय झालं ते सांगून तुम्हाला परत आणतो. १९२० मध्ये फिलाडेल्फियाचा जॅक केली, पूर्वीचा गवंडी, हेन्लीच्या डायमंडसाठी अर्ज करील आणि तो फेटाळला जाईल. एक कारण त्याच्या क्लबावर आधीपासून असलेली बंदी, दुसरं त्यानं हातानं केलेलं काम. त्याच उन्हाळ्यात अँटवर्पच्या ऑलिंपिकमध्ये तो इंग्लंडच्या जॅक बेरेसफोर्डला एका सेकंदानं हरवेल आणि अर्ध्या तासानं चुलतभावाबरोबर दोघांच्या होडीचंही सुवर्ण घेईल. १९३६ मध्ये ऑस्ट्रेलियाचे आठ जण हेन्लीला ग्रँडसाठी येतील आणि ते पोलीस आहेत म्हणून त्यांना उतरू दिलं जाणार नाही. तेव्हा कुठं लाज वाटेल.

अ‍ॅमेच्युअर रोइंग असोसिएशननं मजूर-कारागिरांना वगळणारी ती ओळ १९३७ साली काढून टाकली. फर्निव्हलना जाऊन सत्तावीस वर्षं झाली होती, आणि तुमच्या बोटहाउसच्या दाराशी उभ्या असलेल्या नावाड्यांचं शर्यतीचं वय केव्हाच उलटून गेलं होतं.